पॅनलसमोरची जागा

रविवार, २४ नोव्हेंबर. स्थळ: सोसायटीचं आवार, भाईंदर पूर्व. हजर: अध्यक्ष म्हात्रे काका, खजिनदार शहाभाई, लोंढे सर, बिल्डरचा साइट इंजिनियर तिवारी, सभासद पुष्कळ आणि खुर्च्या कमी. सरोज वाघमारे. इतिवृत्त लिहायला मी, सोसायटीची सेक्रेटरी. विषय एकच: पुनर्विकासानंतरच्या नव्या इमारतीत वीजखोली कुठे असावी.

त्या सभेचं इतिवृत्त अर्ध्या पानात आटोपलं. सूचक, अनुमोदक, ठराव मंजूर, चहापान. इतिवृत्तात तेवढंच असायला हवं. पण वाघमारे मॅडम कशा होत्या हे कोणी विचारलं तर ते अर्धं पान कामाचं नाही.

मॅडम जुन्या इमारतीत आमच्या वरच्या मजल्यावर राहायच्या, एकट्याच. मूळच्या नांदेडच्या. विजेच्या कामांची आखणी करणाऱ्या एका ऑफिसात त्यांनी सगळी नोकरी केली. इमारतीत मीटर, पॅनल, जनरेटर, इंटरनेटची कपाटं कुठल्या खोलीत बसतील आणि तिथून निघालेल्या केबल कुठल्या वाटेने वर जातील, हे ठरवायचं त्यांचं काम. लोक म्हणत, म्हणजे वायरिंग. त्या म्हणत, "वायरिंग शेवटी. आधी रस्ते." केबलला वळायला ऐसपैस जागा लागते, हे त्या बिल्डरांना एकाच वाक्यात समजावत: जाड माणूस आणि जाड केबल, दोघंही काटकोनात वळत नाहीत. वाक्य बोलताना समोर कोण बसलंय हे त्या बघत नसत, त्यामुळे काही बैठकी लवकर संपल्या, असं त्यांच्या ऑफिसातल्या एकाने मला सांगितलं होतं.

कोणाच्याही घरी पहिल्यांदा गेल्या की घरचे पडदे दाखवायचे, नवा सोफा दाखवायचे. मॅडम मेन स्विचचा बोर्ड शोधायच्या. तो बहुधा कॅलेंडरमागे किंवा चपलांच्या कपाटात निघे. त्या कॅलेंडर काढून दुसऱ्या खिळ्याला लावत आणि मग सोफ्यावर बसत.

त्यांच्या स्वतःच्या घरी कपडे वाळत घालायच्या काठ्या छताला टांगलेल्या होत्या, सगळ्यांच्या असतात तशाच. फरक असा की प्रत्येक दोरीला दोन चिकटपट्ट्या होत्या. एक वर काठीपाशी, एक खाली खुंटीपाशी, आणि दोन्हींवर एकच आकडा. मला हसू आलं. त्या म्हणाल्या, "परवा चुकीची दोरी सोडून ओल्या चादरी कोणी डोक्यावर घेतल्या?" मीच घेतल्या होत्या. "एकाच टोकाला नाव लिहिलं तर ते लिहिणाऱ्यापुरतं असतं. दुसऱ्या टोकाला उभं राहणाऱ्याला त्याचा काय उपयोग?" त्या आठवड्यात मी आमच्या घरच्या दोऱ्यांना आकडे लावले. नव्या घरातही ते आहेत.

शहाभाईंच्या मुलीच्या लग्नात स्टेजमागे कूलरचं पाणी गालिच्याखाली झिरपत होतं आणि त्याच गालिच्याखालून साउंडवाल्याची वायर गेली होती. मॅडमना ते जेवायच्या रांगेत उभ्या असताना दिसलं. त्यांनी ताट ठेवलं, पदर खोचला आणि साउंडवाल्याला मेन बंद करायला लावलं. गाणं मध्येच तुटलं. शहाभाई धावत आले. म्हणाले, "मॅडम, आ लग्न छे, साइट नथी." मॅडम म्हणाल्या, "गालिचा उचलू दे शहाभाई, मग पाहिजे तेवढं नाचा." वायर खांबावरून वर गेली, कूलर बाजूला झाला, गाणं परत सुरू झालं. त्यानंतर शहाभाई इतके नाचले की दुसऱ्या दिवशी दुकान त्यांच्या भावाने उघडलं.

जुन्या इमारतीच्या मीटर रूमशी मॅडमचं जुनं भांडण होतं. त्या खोलीत मीटर होतेच, शिवाय गणपतीचं मखर, जयंतीच्या मिरवणुकीतले झेंड्यांचे बांबू, कोणाचा तरी पाळणा आणि शहाभाईंची बंद पडलेली स्कूटर. मॅडम पुढे होऊन खोली रिकामी करून घेत, दोन सण गेले की ती पुन्हा भरे. मी नोटीस लावायची म्हटलं. त्या म्हणाल्या, नोटीस नको. "लोक सामान ठेवणारच. ज्याला जागा दिली नाही तो जे दार उघडं दिसेल तिथे ठेवतो. यात चूक आखणाऱ्याची." तेव्हापासून त्या जी जी वीजखोली आखत, तिच्या शेजारी एक छोटी कोठी काढत, सणांच्या सामानासाठी. ऑफिसात त्या कोठीला 'वाघमारेंचा माळा' म्हणत. बिल्डर ती खोडत, त्या परत काढत.

आणि खडू. खोली कागदावर बसली की बाकीचे सही करून मोकळे होतात. मॅडम खडू घेऊन तीच खोली जमिनीवर काढत, खऱ्या मापाची. भिंती, दार, पॅनल, पॅनलचं उघडलेलं झाकण. मग त्यात कोणाला तरी उभं करत. वाका, बसा, आता मागे या. माणूस रेघेबाहेर गेला की कागद परत ऑफिसात जाई.

आता लोंढे सर. सर निवृत्त मुख्याध्यापक, त्याच इमारतीतले, मॅडमपेक्षा वयाने मोठे. ते त्यांना सरोज म्हणत, या त्यांना सर. आमच्याकडे बहुतेक घरं एका खोलीची आणि स्वयंपाकघराची. टीव्ही, पाहुणे, आजारी माणूस, सगळं त्याच खोलीत. म्हणून सोसायटीच्या ऑफिसची खोली संध्याकाळी उघडून या दोघांनी अभ्यासिका सुरू केली. आमची मुलं येत, मागच्या गल्लीतली येत. सर रोज बसत, मॅडम शनिवारी गणित घेत. माझी मुलगी दहावीला तिथेच बसली होती. सर कडक, पण मॅडम जास्त कडक. त्या उत्तराला अर्धे गुण देत आणि रीतीला अर्धे, आणि रीत नीट असेल तर चुकलेल्या उत्तरावर रागावत नसत.

पुनर्विकासाचा करार झाला तेव्हा अभ्यासिकेची खोली त्यात मॅडमनी घालून घेतली. बिल्डर जिम देतो म्हणत होता. मॅडम दर बैठकीला जाऊन बसल्या, शेवटी तळमजल्यावर, रस्त्यापासून चार पायऱ्या उंच, खिडकीची खोली कबूल झाली. त्यानंतरच्या एका रविवारी त्यांनी आवारात ती खडूने काढली. बाकांच्या रेघा मारल्या. मुलांना रेघांवर बसवून वह्या उघडायला लावल्या, आणि एका मुलाला सांगितलं, आता कोणाला न उठवता पाण्याची बाटली घेऊन ये. दोघींना उठावं लागलं. मॅडमनी बाकांची रांग पुसून सरकवली. लोंढे सर खुर्ची टाकून फळा असणार होता तिथे बसले होते. सरांना मी इतकं खूश कधी पाहिलं नव्हतं.

तळघराचे नकाशे नंतर आले. मी ते मॅडमकडे नेले, कारण सेक्रेटरी म्हणून मला सही करायची होती आणि त्यांनी बघितल्याशिवाय मी विजेच्या कागदावर सही करत नसे. वीजखोली तळघरात होती, पंपांच्या शेजारी. मॅडमनी नकाशा बराच वेळ पाहिला, घडी घातली आणि विचारलं, "आपल्या वॉचमनला पोहता येतं का?"

मला वाटलं, गंमत करतायत.

"पाणी तळघरात शिरलं की पहिल्यांदा कोणाला खाली पाठवतात? आपण गॅलरीतून ओरडतो, जा रे, मेन बंद कर. तो जातो."

त्यानंतर काही आठवडे त्या बिल्डरच्या ऑफिसात चकरा मारत होत्या. वीजखोली वर घ्या म्हणून. तळमजल्यावर दुकानं होती, ती आधीच विकली गेली होती. एक दुकान लहान करा, नाही. पार्किंगचा कोपरा द्या, तर तो अग्निशमन दलाच्या गाडीचा रस्ता. जनरेटरची जागा आवारात, तिथे पॅनल उघड्यावर पडणार. त्या प्रत्येक वेळी नवा कागद घेऊन जात आणि तो घेऊन परत येत. शेवटी रस्त्यापेक्षा उंच आणि कोणाला न विकलेली अशी एकच खोली उरली. ती कुठली, हे त्यांना पहिल्या दिवसापासून माहीत होतं असं मला वाटतं. बाकीच्या सगळ्या जागा संपेपर्यंत त्यांनी तिचं नाव काढलं नाही.

त्या २४ तारखेला सभासद जमले तेव्हा मॅडमनी बाकांच्या रेघा पुन्हा काढून त्यांवरच पॅनलच्या रेघा मारून ठेवल्या होत्या. बाक पांढऱ्या खडूचे, पॅनल लाल.

शहाभाई म्हणाले, एवढं घाबरायचं कशाला, पाणी आलं तर पंप आहेत, काढून टाकतील. मॅडमनी विचारलं, पंप कशावर चालतात. शहाभाई जरा थांबून म्हणाले, "लाइटवर." लोक हसले, शहाभाईही हसले.

म्हात्रे काका इथल्याच मोरवा गावचे. सभेत ते फार बोलत नाहीत. त्या दिवशी म्हणाले, "हितं माझ्या बापानं मीठ पिकवलंय. मीठ पिकवायचं तर खड्डा करून पानी आत घ्यायचं. तुमी तळघर खणताय, म्हंजे दुसरं काय हाय? फक्त मीठ कोनी इकत घ्यायचं न्हाय."

लोंढे सर उठले आणि म्हणाले, मधला मार्ग काढू. अर्ध्या खोलीत पॅनल, अर्धीत मुलं, मध्ये जाळी. तिवारीला ते आवडलं. त्याने नकाशावर पट्टी ठेवून पाहिली आणि म्हणाला, "ड्रॉइंग में तो सब बैठ रहा है, मॅडम."

"ड्रॉइंग में बैठ रहा है, तिवारीजी. आदमी खड़ा नहीं हो रहा."

मग त्या सरांकडे वळल्या आणि म्हणाल्या, तुम्हीच या. सर रेघांच्या आत आले. मॅडमनी त्यांना लाल रेघेसमोर उभं केलं, पॅनलचं झाकण उघडल्यासारखं हाताने दाखवायला लावलं, वाकायला लावलं. सर गुडघ्यावर हात ठेवून वाकले. "आता आत काहीतरी फुटलं, मागे या." सर मागे आले. त्यांची टाच बाकाच्या रेघेवर पडली. ते खाली बघत राहिले. पूर्वी मुलं बसली होती तीच रेघ.

"मुलं काही पॅनल उघडणार नाहीत, सरोज."

"नाही उघडणार. उघडणारा त्यांच्यावर पडेल."

सर रेघेवरून हलले नाहीत. ते हळू बोलले, पण मी शेजारीच लिहीत होते.

"ही खोली तूच मागितलीस. तूच त्यांना इथे बसवून दाखवलीस."

"हो, सर."

"आता त्यांना काय सांगू?"

"माझं नाव सांगा."

मत घेतलं. हात वर झाले, मॅडमचाही. विरोधात हात एकच होता. चहा आला तेव्हा सर गेले होते.

इमारत उभी राहिली. त्या काळात आम्ही सगळे भाड्याच्या घरांत विखुरलो होतो, मॅडम मात्र आठवड्याला साइटवर असायच्या, डोक्यावर टोपी, हातात टेप. वीजखोली त्यांच्या मनासारखी झाली. वरून पाण्याचा एकही पाइप जात नाही. विजेच्या केबलची शिडी एका भिंतीला, इंटरनेटच्या केबलची समोरच्या भिंतीला, दोघींची कुठे गाठ पडत नाही. प्रत्येक केबलला दोन्ही टोकांना पट्टी. पॅनलसमोर दोन माणसं एकमेकांना ओलांडून जातील एवढी मोकळी जागा. शेजारी कोठी. बिल्डरने ती खोडली होती, पण नळवाल्याच्या जागेतला एक कोपरा मॅडमनी मिळवलाच. मखर तिथे गेलं, बांबू तिथे गेले. वीजखोलीत कोणी झाडूसुद्धा ठेवत नाही. ठेवायची गरजच पडत नाही.

तळघरात पाणी मात्र आलं नाही. नव्या इमारतीत आल्यापासून पावसाळे गेले, रस्त्यावर गुडघाभर पाणी झालं, तळघराच्या उतारावर थांबलं, थोडं आत झिरपलं, पंपांनी काढलं. बस. काही सभासद आता उघड म्हणतात की ती खोली फुकट गेली. मॅडमच्या कानावर जायचं. त्या म्हणत, "न आलेलं बरं." यापलीकडे त्यांनी कधी वाद घातला नाही, आणि मलाही घालू दिला नाही.

अभ्यासिका लोंढे सरांच्या घरात भरते. त्यांनी हॉलमधला दिवाण आतल्या खोलीत नेला, टीव्ही भिंतीवर उंच टांगून त्याची वायर काढून ठेवली. संध्याकाळी हॉलमध्ये मुलं बसतात, त्यांच्या पत्नी स्वयंपाकघरात स्टुलावर. वहिनी तक्रार करत नाहीत, पण पाहुणे आले की त्यांना आमच्याकडे घेऊन येतात. मॅडमनी शनिवारचं गणित पुन्हा घ्यायची तयारी कळवली होती, माझ्यामार्फत. सर म्हणाले, जागा नाही. खरंच नव्हती. जिन्यात भेटले तर दोघं एकमेकांना जयभीम करत, तब्येत विचारत. त्याच्या पुढचं काही नाही.

यंदा उन्हाळ्यात मॅडमची नांदेडला जायची वेळ आली. आई अंथरुणावर, भाऊ एकटा पडला होता. त्यांनी घर भाड्याने द्यायचं ठरवलं. किल्ल्या माझ्याकडे ठेवल्या, गॅसचं, पाण्याचं, सगळं नीट सांगितलं. निघायच्या आदल्या संध्याकाळी म्हणाल्या, सरांना गच्चीवर बोलवाल का. मी बोलावलं. सर येतील असं मला वाटलं नव्हतं. ते लिफ्टने न येता जिन्याने आले, त्यामुळे वर पोचल्यावर थोडा वेळ कठड्याला धरून उभे राहिले. मॅडम थांबल्या.

मग त्यांनी टाकीच्या मागची बाजू दाखवली. गच्चीच्या फरशीतून तीन पाइप वीतभर वर आले होते, तोंडं टोपणांनी बंद. एक विजेचा, एक नेटचा, आणि एक रिकामा, नंतर काही लागलं तर. वीजखोलीपासून सगळे मजले चढून आलेले. खाली पॅनलमध्ये त्यांच्यासाठी एक स्विच बसवलेला आहे. मॅडमनी ते इमारतीचं काम चालू असतानाच करून घेतलं होतं. तिवारीने विचारलं तेव्हा त्याला स्पष्ट सांगितलं होतं की अभ्यासिकेसाठी, आणि तो म्हणाला होता, कौनसी अभ्यासिका.

सर वाकून बघत राहिले. म्हणाले, "वायर आहे. भिंती नाहीत."

"भिंती कधीही बांधता येतात, सर. वायर नंतर आणायची म्हणजे वरपासून खालपर्यंत फोडायचं. चालू इमारतीत ते कोणी करू देत नाही."

"पाणी तर आलं नाही."

"नाही आलं."

"आलं असतं तर मला बरं वाटलं असतं, असं एकदा वाटून गेलं." सर एवढं म्हणून थांबले. "मग वॉचमनकडे बघवेना."

मॅडम हसल्या नाहीत. त्यांनी एका पाइपाचं टोपण सैल झालं होतं ते घट्ट केलं आणि हात झटकले. सरांनी विचारलं, गाडी कधीची. त्या म्हणाल्या, सकाळची. सर म्हणाले, आईला माझा जयभीम सांग. उतरताना सर पुढे होते आणि मॅडम एक पायरी मागे, त्यांच्या चालीने. तिसऱ्या मजल्याच्या वळणावर दोघं दिसेनासे झाले. सकाळी मी खाली पोचेपर्यंत मॅडमची रिक्षा गेली होती.

गच्चीवर खोली बांधायची तर पालिकेची परवानगी लागते, आणि पालिकेत जायच्या आधी सगळ्या सभासदांची लेखी संमती. तो अर्ज मॅडमनीच लिहून दिला. म्हात्रे काकांची सही झाली, शहाभाईंची झाली, ज्यांनी खोली फुकट गेली म्हटलं त्यांच्याही झाल्या. लोंढे सरांच्या नावासमोरची जागा कोरी आहे. मी एकदा गेले तर म्हणाले, ठेवून जा, वाचतो. दुसऱ्यांदा गेले तेव्हा मुलांची परीक्षा होती, हॉलमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती, सर दारातच म्हणाले, या गर्दीत नको. नकार त्यांनी दिलेला नाही. मॅडमचा दर पंधरा दिवसांनी फोन येतो, आईची तब्येत सांगतात, अर्जाचं विचारत नाहीत.

लोंढे सरांची सही घ्यायची आहे.